ग्रीक पुराणकथा सांगताना या चुका टाळा

काही वर्षांपूर्वी एका महाविद्यालयातल्या प्रश्नमंजूषेला मी परीक्षक म्हणून गेले होते. प्रश्न आला, ‘इलियडमध्ये ॲकिलीसच्या टाचेत बाण कोणी मारला?’ एका मुलीने माईक घेतला आणि शांतपणे म्हणाली, ‘कोणीच नाही. इलियडमध्ये तो मरतच नाही.’ सूत्रसंचालकाने हातातल्या कार्डावर बघून ‘पॅरिस’ असं जाहीर केलं आणि गुण दुसऱ्या संघाला दिले.

मी कार्यक्रम थांबवला, ग्रंथालयातून इलियड, म्हणजे होमरचं ट्रॉयच्या युद्धावरचं ग्रीक महाकाव्य, मागवलं आणि शेवटचा, २४वा सर्ग उघडून दाखवला. काव्य संपतं ते ॲकिलीसने मारलेल्या हेक्टरच्या, ट्रॉयच्या राजपुत्राच्या, अंत्यविधीवर. ॲकिलीस, ग्रीकांचा सर्वांत मोठा योद्धा, तेव्हा जिवंत असतो. ‘पण मॅडम, नेटवर सगळीकडे हेच आहे,’ एवढंच सूत्रसंचालकाचं उत्तर. गुण फिरवले गेले, पण ग्रंथ मुळातून वाचलेली एकुलती एक मुलगी भर सभागृहात पाच मिनिटं चुकीची ठरून उभी होती. ते मला अजून सलतं.

२२व्या सर्गात मरता मरता हेक्टर बजावतो, की माझा भाऊ पॅरिस आणि अपोलो देव ट्रॉयच्या स्कीयन वेशीपाशी तुझा जीव घेतील. म्हणजे मरणाचं भाकीत आहे, टाचेचा मात्र उल्लेखही नाही. उलट २१व्या सर्गात दोन्ही हातांनी भाले फेकणारा, ट्रॉयच्या बाजूचा ॲस्टरोपियस ॲकिलीसच्या हाताला जखम करतो आणि रक्त येतं. होमरचा ॲकिलीस अभेद्य नाही, साधा माणसाच्या कातडीचा आहे. मरणार हे ठाऊक असून तो लढायला उतरतो, म्हणून तर तो भिडतो. आईने त्याला स्टिक्स नदीत बुडवलं आणि धरलेला पाय तेवढा कोरडा राहिला, ही कथा आपल्याला सापडते ती इसवी सनाच्या पहिल्या शतकातल्या स्टेशियस या रोमन कवीकडे. होमरनंतर जवळजवळ आठशे वर्षांनी! वाल्मीकी रामायणात लक्ष्मणरेषा नाही हे कळल्यावर आपण जसे चमकतो, तसंच हे आहे. ज्याच्या पोटात लपून ग्रीक ट्रॉयमध्ये शिरले, तो लाकडी घोडाही इलियडमध्ये नाही. होमरच्याच ओडिसीत तो ओझरता येतो, आणि रोमन कवी व्हर्जिलच्या एनीड या महाकाव्याच्या दुसऱ्या सर्गात सविस्तर.

माझ्याकडे यासाठी एक लांबट वही आहे. कथा वाचली, की कोणी सांगितली, साधारण कोणत्या शतकात आणि ग्रीक की लॅटिन, एवढं लिहायचं. त्याशिवाय मी ती कथा कुणाला सांगत नाही. कंटाळवाणं काम आहे. ज्यांना अर्ध्या मिनिटाच्या रीलमध्ये अख्खा ऑलिंपस हवा असतो, त्यांना ते पटत नाही. न पटो.

याच वहीमुळे दुसरा हट्टही सुटतो: ‘पण यातली खरी गोष्ट कोणती?’ ग्रीकांकडे असा एक प्रमाणग्रंथ नव्हताच. केसांच्या जागी साप असलेल्या मेड्युसाचंच बघा. इसवी सनापूर्वी ७००च्या सुमाराचा ग्रीक कवी हेसिअड सांगतो, की तीन गॉर्गन बहिणींपैकी दोघी अमर आणि मेड्युसा तेवढी मर्त्य. समुद्रदेव पोसायडन तिच्यापाशी येतो तो वसंतातल्या फुलांच्या कुरणात. शाप वगैरे काही नाही. मिनर्व्हाच्या (अथेना देवीचं रोमन नाव) देवळात तिच्यावर झालेला अत्याचार आणि शिक्षा म्हणून केसांचे झालेले साप, हे ओव्हिड या रोमन कवीचं, इसवी सन ८च्या आसपासचं. ‘अथेनाने तिला संरक्षण म्हणून साप दिले’ हा अर्थ तर आपल्या काळातला. तो जरूर मांडा, पण आपला म्हणून मांडा, प्राचीन ग्रीकांच्या तोंडी घालू नका. जिच्यापायी ट्रॉयचं युद्ध झालं, त्या हेलनचंही तसंच. ग्रीक नाटककार युरिपिडीसच्या इसवी सनापूर्वी ४१२च्या नाटकात ती ट्रॉयला गेलेलीच नसते. तिथे तिची नुसती छाया जाते, खरी हेलन इजिप्तमध्ये. अध्यात्मरामायणातली, खऱ्या सीतेऐवजी रावणाने नेलेली छायासीता ज्यांना ठाऊक आहे, त्यांना हे समजावून सांगावं लागू नये.

जिने झाकण उघडून जगात सगळी दुःखं सोडली, त्या पँडोराकडे पेटी नव्हती. हेसिअडचा शब्द आहे ‘पिथॉस’, म्हणजे धान्य, तेल, दारू साठवायचा मोठा रांजण. १६व्या शतकात इरॅस्मस या युरोपीय विद्वानाच्या लॅटिनमध्ये त्याची डबी झाली. मी मराठीत लिहिताना रांजणच लिहिते. झाकण पुन्हा बसतं आणि आशा काठाच्या आत अडकून राहते, हे चित्र रांजणातच नीट दिसतं.

पाताळाचा देव हेडीस म्हणजे सैतान नव्हे. मृत्यूही नव्हे, तो थॅनटॉस. क्रोनस हा देवांचा राजा झ्यूस याचा बाप. काळ म्हणजे क्रोनॉस, तो वेगळा.

‘झ्यूस म्हणजे आपला इंद्र’ हे समीकरणही लगेच मांडू नका. वज्र दोघांकडे आहे, कबूल. पण झ्यूसचं नाव जुळतं ते वेदांतल्या द्यौसशी, म्हणजे आकाशदेवाशी: झ्यूस पाटेर, ज्युपिटर, द्यौष्पिता. नाव एकाशी जुळतं, काम दुसऱ्याशी, आणि खरी गंमत तिथेच आहे. कोल्हापूरच्या ब्रह्मपुरी टेकडीवर पोसायडनची छोटी कांस्यमूर्ती सापडली, ती तिथल्या टाउन हॉल संग्रहालयात आहे. ‘हा तर आपला वरुणच’ म्हणून तिच्यासमोरून पुढे गेलात, तर रोमशी चाललेल्या व्यापाराबरोबर हा समुद्रदेव पंचगंगेकाठी कसा पोचला, हा प्रश्नच पडत नाही.

नावांबद्दल एकच आग्रह. इंग्रजी स्पेलिंग बघून ‘पेनेलोप’, ‘पर्सेफोन’ लिहू नका, पेनेलोपी, पर्सेफोनी. आणि ग्रीक कथेत हर्क्युलीस नको, हेराक्लीस लिहा. त्या नावात हेरा, म्हणजे झ्यूसची बायको, आहे: ‘हेराची कीर्ती’. जिने पाळण्यातल्या पोरावर साप सोडले, तिचंच नाव तो जन्मभर मिरवतो. रोमन नाव घेतलं की हे सगळं बुजतं.

शेवटची तक्रार ओडिसी अर्धवट टाकणाऱ्यांबद्दल. ट्रॉयच्या युद्धानंतर घरी परतू पाहणाऱ्या ओडिसियसची ही कथा. पहिल्या चार सर्गांत मुलगा बापाचा शोध घेत फिरतो, ओडिसियस थेट पाचव्यात दिसतो, तोही किनाऱ्यावर रडत बसलेला. एकडोळ्या राक्षसाची गोष्ट यायला नववा सर्ग उजाडतो. तोवर बरेच जण सारांशाकडे वळलेले असतात. मी रोज एक सर्ग वाचते, मोठ्याने. १७व्या सर्गात आर्गोस येतो. वीस वर्षांपूर्वी ओडिसियसने वाढवलेला कुत्रा, आता शेणाच्या उकिरड्यावर पडलेला, अंगभर गोचिडं. भिकाऱ्याच्या वेशातला मालक जवळ येतो. आर्गोस शेपटी हलवतो, कान पाडतो, पण त्याच्यापर्यंत जाण्याइतकं त्राण त्याच्यात उरलेलं नाही. आणि ओळख उघड होऊ नये म्हणून ओडिसियस तोंड फिरवून डोळे पुसतो.