गाणे कोणत्या दशकातले, हे वाद्यांवरून कसे ओळखावे

विसाव्या शतकातील एखादे अनोळखी पाश्चात्त्य लोकप्रिय गाणे कानावर पडले, तर गायकाचे नाव ठाऊक नसतानाही ते साधारण कोणत्या दशकात ध्वनिमुद्रित झाले हे सांगता येते. त्यासाठी पहिल्या वेळी चाल आणि गळा या दोहोंकडे दुर्लक्ष करावे लागते. चाल पन्नास वर्षे जुनी असू शकते आणि गाण्याची ढब उसनी घेता येते, पण वाद्य मात्र घडण्याआधी वाजू शकत नाही. म्हणून प्रत्येक ओळखीचा नाद आपल्याला ‘हे गाणे अमुक वर्षाच्या आधीचे नाही’ एवढे खात्रीने सांगतो, आणि अशा चार-पाच खुणा जुळल्या की काळ आपोआप आकसत जातो.

सुरुवात नेहमी तळापासून, म्हणजे खर्जाच्या सुरांपासून करावी. १९२५पूर्वी ध्वनिमुद्रणात विजेचा मायक्रोफोन नव्हता. वादक एका मोठ्या कर्ण्यासमोर दाटीवाटीने उभे राहत, कर्ण्याच्या टोकाचा पडदा हवेच्या धक्क्याने थरथरे आणि त्या थरथरीने सुई मेणावर रेघ कोरत जाई. डबल बास या माणसाएवढ्या उंच, उभ्या तंतुवाद्याचा मऊ खर्ज त्या पडद्यापर्यंत धड पोहोचत नसे, म्हणून त्याच्या जागी अनेकदा ट्यूबा हे मोठे पितळी वाद्य फुंकले जाई. मोठ्या ढोलाच्या दणक्याने सुई उसळण्याची भीती असल्यामुळे ठेका लाकडी ठोकळ्यांवर भागवावा लागे, आणि व्हायोलिनचा आवाज पुरावा म्हणून धातूचा कर्णा जोडलेले स्ट्रो व्हायोलिन वापरले जाई. तेव्हा ट्यूबाचे ‘भुप्-भुप्’, बँजोची कोरडी तडतड आणि लांबून ओरडल्यासारखा गळा हे तिन्ही एकत्र आले, तर तबकडी बहुधा त्याच काळातली असते. मात्र १९१७ साली जॅझची पहिली तबकडी निघाली, त्या सुमाराचे वृंद प्रत्यक्षात तसेच वाजत होते असे मानू नये, कारण कर्ण्याला जेवढे झेपले तेवढेच आपल्यापर्यंत आले आहे.

१९२५ साली विजेवरचे ध्वनिमुद्रण सुरू झाले, आणि माझ्या मते शतकातला सर्वांत मोठा बदल तोच आहे, इलेक्ट्रिक गिटारपेक्षाही मोठा. गायकाला आता भिंतीपलीकडच्या माणसाला हाक मारल्यासारखे गावे लागत नव्हते आणि कानाशी बोलावे तसे हळू गाता येऊ लागले. पुढच्या काही वर्षांत ट्यूबाची जागा डबल बासने आणि बँजोची जागा गिटारने घेतली. त्या मऊ, सरकत्या ठेक्यावर सॅक्सोफोनांचा अख्खा ताफा एकदम बोलू लागला की १९३०चे दशक आणि स्विंग ही जॅझची नाचती शैली समजावी.

खर्जाची दुसरी खूण १९५१ची आहे, कारण त्या वर्षी फेंडर कंपनीची प्रिसिजन बास ही बास गिटार बाजारात आली. डबल बासची तार बोटाच्या मांसल भागाने ओढली जाते, त्यामुळे सुराचा आरंभ गोल आणि किंचित धूसर असतो आणि सूर लवकर विरतो. कधी कधी तार पट्टीवर आपटल्याचा ‘टक्’ असा आवाजही येतो, जो १९५०च्या दशकातल्या रॉकबिलीत, म्हणजे रॉक आणि कंट्री संगीताच्या मिश्रणात, फार सापडतो. बास गिटारच्या दांड्यावर धातूचे पडदे असतात, त्यामुळे तिचा प्रत्येक सूर काठ कापल्यासारखा सुरू होतो आणि बराच वेळ टिकतो. हा फरक एकदा कानाला लागला की चुकत नाही. १९६०च्या दशकात बास गिटार जवळजवळ सर्वत्र पसरली.

मधल्या पट्ट्यातली वाद्ये झटपट तपासावीत. हॅमंड ऑर्गन १९३५चा आहे आणि त्याच्या प्रत्येक सुराच्या तोंडाशी बारीक ‘टिक्’ ऐकू येते. गिटारचा मुद्दाम फाटका केलेला आवाज यंत्राने काढणारी फझ पेटी १९६२ची आणि गिटारला ‘वा-वा’ असे बोलायला लावणारे पायपेडल १९६०च्या दशकाच्या उत्तरार्धातले. १९७०चा मिनीमूग हा सिंथेसायझर, म्हणजे विजेने सूर घडवणारे वाद्य, एका वेळी एकच सूर देतो, तर १९८३च्या यामाहा डीएक्स-७ची काचेच्या घंटेसारखी पियानोची झाक त्यानंतरच्या असंख्य प्रेमगीतांत भरलेली आहे.

यानंतर ठेक्याकडे वळावे. गिटारचा ठोका मात्रांच्या मधोमध पडत असेल आणि खर्जच गाणे पुढे नेत असेल, तर ते रेगे, म्हणजे १९६०च्या दशकाच्या अखेरीस जमैकात आकाराला आलेली शैली. प्रत्येक मात्रेवर मोठ्या ढोलाचा सारखा ठोका आणि मध्ये झांजेची उघडी ‘त्सी’ असेल, तर डिस्को. १९८०मध्ये आलेल्या रोलंड टीआर-८०८ या यंत्राचा ढोल कातड्याचा वाटतच नाही, तो गुणगुणत खाली बसतो. त्याच सुमारास स्नेअर ड्रम या कडक आवाजाच्या छोट्या ढोलाची घुमारलेली गाज अचानक कापण्याची रीत आली. ढोलवादक-गायक फिल कॉलिन्स यांच्या वादनामुळे ती दूरवर पोहोचली. गाज दार बंद झाल्यासारखी तुटली, तर १९८०च्या आधीचा विचार सोडून द्यावा.

हिप-हॉपच्या बाबतीत मात्र सावध राहावे. १९७३ साली न्यूयॉर्कच्या ब्राँक्स भागात त्याची सुरुवात झाली तेव्हा जुन्या तबकड्यांतले ढोलाचे तुकडे हाताने फिरवून लांबवले जात, आणि १९८०च्या दशकाच्या उत्तरार्धात हेच काम सॅम्पलरवर, म्हणजे आवाजाचे तुकडे साठवून पुन्हा वाजवणाऱ्या यंत्रावर, होऊ लागले. त्यामुळे ढोल १९६९चा आणि गाणे १९९०चे, असे सर्रास घडते. अशा वेळी ढोलाचे एक आवर्तन पुनःपुन्हा ऐकावे: तबकडीवरची तीच बारीक चरचर दर वेळी नेमकी त्याच मात्रेवर आली, तर तो तुकडा यंत्रातून फिरतो आहे. गळ्याचा सूर पायऱ्या उतरल्यासारखा तुटक झेपा घेत असेल, तर तो १९९७च्या ऑटो-ट्यून या सूर दुरुस्त करणाऱ्या संगणक-प्रणालीचा परिणाम असण्याची शक्यता मोठी आहे. १९९८मध्ये गायिका शेर यांच्या एका गाण्याने तो जगभर पोहोचवला.

एकच गाणे तीनदा ऐकावे: एकदा फक्त खर्जासाठी, एकदा फक्त ठेक्यासाठी आणि शेवटी मधल्या वाद्यांसाठी. प्रत्येक वेळी ओळखलेल्या नादाचे वर्ष लिहून ठेवावे आणि त्यांतले सर्वांत अलीकडचे वर्ष धरून मगच गाण्याची माहिती उघडून पडताळा घ्यावा.