येऊरच्या पाड्यावर कॅमेरा कधी काढावा

लग्नं शूट करून माझं घर चालतं. हळदीला कुठे उभं राहायचं, मंगलाष्टकांच्या वेळी कुणाच्या पायात यायचं नाही, हे झोपेतही जमतं. पण ठाण्यात उपवनवरून वर येऊरच्या जंगलात गेलं की त्यातलं निम्मं विसरावं लागतं. तिथल्या वारली पाड्यावर छोटी फिल्म करायची असेल, तर पहिल्या दोन-तीन फेऱ्यांना कॅमेरा घरीच ठेवा. नुसतं बसा. लोक तुम्हाला बघून घेतात, मग बोलतात.

मला हे दिग्दर्शक वॉर्विक थॉर्नटनचं काम बघून उमगलं, तेही उशिरा. तो मध्य ऑस्ट्रेलियातल्या अ‍ॅलिस स्प्रिंग्जचा, कायटेटे समाजाचा. त्याची आई फ्रेडा ग्लिन १९८० मध्ये तिथली आदिवासी प्रसारण संस्था उभी करणाऱ्यांपैकी एक. पोरगा त्याच संस्थेत कामाला लागला, मग सिडनीला जाऊन कॅमेरा शिकला. २००९ साली त्याच्या ‘सॅमसन अँड डिलायला’ला कान महोत्सवात पहिल्या चित्रपटाचा ‘कॅमेरा द’ओर’ मिळाला. दिग्दर्शन त्याचं, कॅमेराही त्याचाच. मुख्य भूमिकेतली दोन्ही पोरं नवखी. आणि संवाद इतके कमी, की माझ्या लग्नातल्या एका ‘संगीत’च्या व्हिडिओत त्याहून जास्त बडबड असते.

तेव्हा निवेदन लिहू नका. मी लिहिलं होतं, ‘निसर्गाच्या कुशीत’ वगैरे. एका आजीने ऐकलं आणि विचारलं, “ही कुशी कुठे असते रं?” पुसून टाकलं. बोली तशीच ठेवा, खाली मराठी सबटायटल द्या, पण ती पाड्यातल्याच कुणाला तरी शेजारी बसवून. आवाजासाठी साधा कॉलर माइक पुरतो. शनिवार-रविवार टाळा, खालच्या बंगल्यांतले डीजे प्रत्येक वाक्यात घुसतात. दर ठिकाणी मिनिटभर कुणी न बोलता नुसतं रान रेकॉर्ड करा, एडिटला सोनं आहे ते.

लग्नाचा चौक, म्हणजे भिंतीवरचं लग्नाचं चित्र, सुवासिनी लिहितात. हो, ‘लिहितात’च म्हणतात. लग्न लावणारी बाई, धवलेरी, गाते. तिथे दोन प्रश्न वेगवेगळे विचारा: शूट करू का, आणि बाहेर दाखवू का. पहिल्याला हो म्हणजे दुसऱ्यालाही हो, असं मी धरून चाललो होतो.

आणि तिसरा प्रश्न, जो मी विचारलाच नाही. एका बाबांचा तारपा वाजवतानाचा शॉट घेतला होता. फिल्म पाड्यावर दाखवेपर्यंत बाबा गेले. पडदा म्हणून लावलेल्या चादरीवर ते दिसले, तशी त्यांची लेक उठून बाहेर गेली. ऑस्ट्रेलियात अनेक आदिवासी समाजांत गेलेल्या माणसाचं नाव घेणं, चित्र बघणं काही काळ टाळतात. म्हणून तिथल्या चित्रपटांच्या, टीव्ही कार्यक्रमांच्या सुरुवातीला तशी सूचना असते. वारल्यांत तसा नियम आहे असं मी म्हणत नाही. पण दाखवण्याआधी घरच्यांना विचारायला नियम कशाला लागतो? शूटच्या वेळीच त्या माणसाला विचारून ठेवा, “उद्या तुम्ही नसलात तर हे कुणाला विचारून दाखवायचं?” म्हातारी माणसं या प्रश्नाने दुखावत नाहीत, हसून लगेच नाव सांगतात.

पहिला खेळ पाड्यावरच करा, स्पर्धेला पाठवायच्या आधी. जो कापायला सांगेल त्याचं तिथल्या तिथे कापा, लॅपटॉप सोबत न्या.

बाबांचा तो शॉट मी फिल्ममधून काढून टाकला. हार्डडिस्कवर वेगळ्या फोल्डरात आहे, लेकीला तसं सांगून ठेवलंय. ती मागेल तेव्हा तिच्या मोबाइलवर द्यायचा. तोवर मीही उघडत नाही.