वेबसाइट बनवायच्या वर्डप्रेस सॉफ्टवेअरच्या कोअरमध्ये (मूळ कोडमध्ये) हातभार लावायचाय? टेस्टिंगपासून सुरू करा

कोडिंग पक्कं यायलाच पाहिजे असं काही नाही. २००३ पासून वर्डप्रेस असंच लोकांच्या हातभारावर उभं राहिलंय. वर्डप्रेस डॉट ऑर्गवर अकाउंट काढा, ट्रॅकवर (बग आणि बदलांची नोंद ठेवायची साइट) जाऊन 'नीड्स टेस्टिंग' लावलेलं एखादं तिकीट, म्हणजे एखाद्या बगची किंवा बदलाची नोंद, उचला, त्यातला पॅच (सुचवलेला कोडबदल) लावून बघा आणि कुठला ब्राउझर, पीएचपीचं (वर्डप्रेस ज्या भाषेत लिहिलंय तिचं) कुठलं व्हर्जन, आधी काय होत होतं नि आता काय होतंय ते सगळं सविस्तर लिहा, कारण नुसतं 'चालतंय' लिहिलं तर कमिटरला (बदल कोअरमध्ये घालणाऱ्याला) काय कळणार? हे काम खरंच मोलाचं आहे.

स्वतः कोड लिहायचाय तर 'गुड फर्स्ट बग' लावलेली, नवख्यांसाठीची तिकिटं बघा, गिटहबवर (कोड शेअर करायची साइट) पुल रिक्वेस्ट, म्हणजे तुमचा बदल घ्यायची विनंती, टाका पण त्यात ट्रॅक तिकिटाची लिंक द्यायला विसरू नका. रिव्ह्यूला कधीकधी महिने लागतात, धीर धरा.