चंबळेवर घडियाल कसे पाहावेत

दिवाळीत किंवा नाताळच्या सुट्टीत पुण्या-नागपूरचे पाहुणे ग्वाल्हेरला आले, की किल्ला, जयविलास आणि तानसेनाची समाधी यांत दोन दिवस जातात आणि तिसऱ्या दिवशी कोणीतरी चंबळेचे नाव काढते. शहरापासून सुमारे ६० किलोमीटरवर, मुरैना ओलांडून धौलपूरच्या अलीकडे, राजघाटच्या पुलाजवळून नावेच्या फेऱ्या निघतात. योग्य वेळी आणि योग्य रीतीने गेल्यास घडियाल (मगरीसारखाच, पण लांब, चिंचोळ्या जबड्याचा, मासे खाणारा प्राणी), मगर, कासवे आणि पाणपक्षी एकाच फेरीत पाहता येतात. तरीही पुष्कळ कुटुंबे दूरवरचे दोन-चार काळपट ओंडके पाहून, ‘एवढ्यासाठी एवढे लांब आलो का’ असे म्हणत परततात. दोष नदीचा नाही. जगात निसर्गात उरलेल्या घडियालांपैकी बहुसंख्य याच नदीत राहतात. दोष असतो तो निघण्याच्या वेळेचा आणि नावेच्या इंजिनाचा. या दोन गोष्टी सांभाळल्या तर बाकी फारसे काही करावे लागत नाही.

महिना निवडणे सोपे आहे. पावसाळ्यात नदी फुगते आणि फेऱ्या बंद असतात; नोव्हेंबर ते मार्च हा काळ सर्वांत चांगला. दर आणि नावांच्या वेळा बदलत राहतात, म्हणून आदल्या दिवशी चौकशी करून घ्यावी आणि सर्वांची ओळखपत्रे बरोबर ठेवावीत. दुर्बीण अवश्य घ्यावी. ती नसेल तर शेजारच्यांकडून मागून आणावी, पण तिच्याविना जाऊ नये.

वेळेबद्दल मात्र जो सल्ला सर्वत्र मिळतो, तो हिवाळ्यापुरता साफ चुकीचा आहे. ‘प्राणी पाहायचे तर पहाटे निघा’ हे वाक्य वाघाच्या जंगलातून उचलून जसेच्या तसे नदीवर आणून ठेवलेले आहे. घडियाल आणि मगर हे शीतरक्ताचे प्राणी आहेत. त्यांच्या शरीराला लागणारी ऊब बाहेरून, म्हणजे उन्हातून मिळते. जानेवारीच्या पहाटे वाळू बर्फासारखी गार असते आणि पाणी तिच्या मानाने कोमट असते, त्यामुळे त्या वेळी हे प्राणी पाण्यातच राहणे पसंत करतात. त्यात धुके असले तर समोरचा काठसुद्धा दिसत नाही, आणि मुरैन्याच्या रस्त्यावर मालमोटारींच्या मागे रांगेत सरकताना जीव मुठीत धरावा लागतो तो वेगळाच. साडेनऊ-दहानंतर वाळू तापू लागते, मग एकेक घडियाल बाहेर येऊन ऊन खात पडतो. दुपारी एक ते चार या वेळात त्यांची संख्या सर्वांत जास्त असते. म्हणून डिसेंबर-जानेवारीत घरी नीट न्याहारी करून, धुके विरल्यावर निघावे आणि दुपारची नाव धरावी. पक्ष्यांसाठी पहाट चांगली, हे मान्य आहे. पण बरोबरच्या मुलांना घडियाल दाखवायचा असेल तर झोपमोड करण्याचे कारण नाही.

मार्चच्या अखेरीपासून हे गणित उलटते. तेव्हा ऊन इतके कडक असते की भर दुपारी प्राणी पुन्हा पाण्यात शिरतात. त्या दिवसांत सकाळी लवकर किंवा उन्हे कलल्यावर जावे.

वाटेत, मुरैन्याच्या पुढे महामार्गालगत देवरी येथे घडियाल संवर्धन केंद्र आहे. नदीकाठच्या घरट्यांतून आणलेली अंडी तेथे उबवतात, पिल्ले वाढवतात आणि ती सव्वा मीटरच्या आसपास लांबीची झाली की नदीत सोडतात. मुलांना घेऊन तेथे आधी अर्धा तास थांबावे, असे माझे मत आहे. लांब, चिंचोळा जबडा एकदा जवळून पाहिला की पुढे दुर्बिणीतून दिसणारी आकृती डोळ्यांना लगेच ओळखू येते. मगरीचे तोंड रुंद आणि बोथट असते. शिवाय मगर चारही पायांवर अंग उचलून चालते, तर मोठ्या घडियालाला ते साधत नाही. तो पोटावर घसरत पाण्यात जातो. पूर्ण वाढलेल्या नराच्या नाकपुड्यांवर घड्यासारखा गोळा असतो आणि त्यावरूनच त्याला घडियाल हे नाव मिळाले. मादीला तो नसतो.

नावेत बसताना लाइफ जॅकेट घालावे आणि त्याचे पट्टे खरोखर बांधावेत. कपडे मातकट रंगाचे असावेत. नदीवरचा वारा गावातल्या थंडीपेक्षा बोचरा असतो, म्हणून दुपार असली तरी मफलर सोडू नये. खाण्याच्या पुड्या गाडीतच ठेवाव्यात.

आता खरा प्रश्न. नाव वाळूच्या पट्ट्याजवळ कशी न्यावी, हा सगळ्या फेरीतला अवघड टप्पा आहे आणि तो जमायला मलाही बराच काळ लागला. नाव चालवणारे आपण नसतो. पण नावाड्याला काय सांगायचे, केव्हा सांगायचे आणि मुख्य म्हणजे काय मागायचे नाही, हे आपल्या हातात असते. नावाड्याची समजूत अशी असते की शहरातल्या पाहुण्यांना प्राणी जितका जवळून दाखवू तितके ते खूश होतील. म्हणून घडियाल दिसला की तो इंजिन वाढवून सरळ त्याच्या दिशेने नाव घालतो. शंभर-दीडशे मीटरवर असतानाच घडियाल मान किंचित वर करतो, जबडा मिटतो आणि पुढच्या काही क्षणांत पाण्यात दिसेनासा होतो. नावेतले लोक ‘पाहिला, पाहिला’ म्हणतात. त्यांनी पाहिलेली असते ती शेपटी.

यात आपल्या निराशेपेक्षा मोठे नुकसान त्या प्राण्याचे आहे. ऊन खाण्याने त्याचे अन्न पचते, शरीर तापते आणि थंडीत तग धरता येतो. एकदा पाण्यात ढकलला गेला की तो लगेच बाहेर येत नाही, आणि हिवाळ्याचा आधीच लहान असलेला दिवस त्याच्यासाठी आणखी लहान होतो. एकामागून एक चार नावांनी हेच केले तर त्या पट्ट्यावर दिवसभर कोणीच दिसत नाही, आणि पाचव्या नावेतले लोक ‘चंबळेत आता काही उरले नाही’ असे सांगत सुटतात.

म्हणून पैसे देण्याच्या आधी, काठावर उभे असतानाच, नावाड्याशी आणि बरोबरच्या वाटाड्याशी बोलून घ्यावे. पाण्यावर गेल्यानंतर इंजिनाच्या आवाजात ते बोलणे होत नाही. आपल्याकडचे नावाडी ब्रजमिश्रित हिंदी बोलतात. ‘भैया, पास नहीं जाना, दूर से ही इंजन बंद कर देना, नाव को बहने देना’ एवढे नम्रपणे सांगितले तरी पुरते. जवळ जायचे नाही असे पाहुणाच म्हणतो आहे, हे ऐकून त्याला आधी नवल वाटते आणि मग तो निश्चिंत होतो, कारण इंधनही वाचते. वयस्क नावाड्यांना नदीची जाण आपल्यापेक्षा कितीतरी अधिक असते. कोणत्या डोहाशेजारच्या वाळवंटावर मोठा नर बसतो, हे ते न विचारताही सांगतात. पण नावेत कोणी एकजण ‘और पास, और पास’ म्हणत राहिला, तर सगळे ठरलेले विसरून ते पुन्हा इंजिन सुरू करतात. असा नातेवाईक बरोबर असेल तर त्याला नावेच्या मधल्या फळीवर, आपल्या शेजारी बसवावे.

दुसरी गोष्ट दिशेची. शक्य असेल तर फेरीचा पहिला भाग प्रवाहाविरुद्ध, इंजिनाच्या जोरावर, काठांपासून अंतर राखून, नदीच्या मध्यावरून उरकावा आणि पाहण्याचे काम परतीच्या वाटेसाठी ठेवावे. परतताना इंजिन बंद करता येते, नाव पाण्याबरोबर आपोआप सरकते आणि नावाडी फक्त वल्ह्याने किंवा बांबूने तिचे तोंड सांभाळतो. राजघाटाच्या परिसरात नदी ढोबळमानाने पूर्वेकडे वाहते. म्हणजे दुपारी आधी पश्चिमेकडे गेल्यास जाताना सूर्य डोळ्यांवर येतो, पण परतताना तो पाठीशी असतो आणि समोरचे सगळे स्वच्छ उजळलेले दिसते. हिवाळ्यात सूर्य दिवसभर दक्षिणेला झुकलेला असतो, त्यामुळे उत्तरेकडचा, म्हणजे धौलपूरच्या बाजूचा काठ नावेतून पाहायला अधिक चांगला. मुरैन्याच्या बाजूचे प्राणी पुष्कळदा काळ्या आकृतीसारखे दिसतात. छायाचित्र घेणाऱ्यांनी तर नावेत बसण्याची बाजू याच हिशेबाने निवडावी. पुलाच्या आसपास मात्र वाहनांची घरघर कमी होत नाही, म्हणून तेथे वेळ न घालवता पुढे निघावे.

तिसरी गोष्ट थांबण्याची. वाळूवर घडियाल दुर्बिणीतून दिसला, की तो अजून पुष्कळ दूर असताना, त्याच्या वरच्या अंगाला इंजिन बंद करवावे. ‘थोडे पुढे जाऊन बंद करू’ हे मान्य करू नये; इंजिनाचा आवाज चालू असण्यापेक्षा तो अगदी जवळ येऊन एकाएकी थांबणे प्राण्याला अधिक खटकते. नंतर कोणीही उभे राहू नये, हात लांब करून दाखवू नये, आणि बोलायचे तर कुजबुजत बोलावे. नावेचे तोंड त्याच्यावर रोखलेले नसावे. ती त्याच्या समोरून तिरपी, बाजूने वाहत जावी. सरळ अंगावर येणारी वस्तू आणि बाजूने जाणारी वस्तू यांतला फरक त्याला चांगला कळतो.

घडियाल जबडा उघडा टाकून पडला असेल तर तो रागावलेला नसतो. तो आपले तापमान सांभाळत असतो आणि निवांत असतो. ही अवस्था टिकून आहे तोवर सर्व ठीक आहे. जबडा मिटला, मान उचलली गेली किंवा पुढचे पाय वाळूत रोवले गेले, की आपण त्याच्या मर्यादेपाशी आलो आहोत असे समजून नावाड्याला लगेच नाव मध्यावर घ्यायला खुणावावे. पुष्कळदा तो पुन्हा मान टेकतो. असे जमले की जे दिसते ते जवळ जाऊन कधीच दिसत नाही: वरच्या-खालच्या जबड्यांतले बारीक, टोकदार दात एकमेकांत कंगव्यासारखे बसलेले, पाठीवरच्या खवल्यांवर वाळलेला चिखल, आणि नाकापासून हातभर अंतरावर निर्धास्त चालणारी नदी टिटवी. हे दात फक्त मासे पकडण्याच्या कामाचे आहेत. माणसावर हल्ला करणारी ती मगर, आणि तीही याच पाण्यात असते. म्हणून नावेबाहेर हात सोडणे, पाणी उडवणे आणि काठावर पाय धुवायला उतरणे हे प्रकार करू नयेत. मगर वाळूपेक्षा मातीच्या उभ्या दरडींच्या पायथ्याशी आणि खडकांवर अधिक दिसते, आणि तिचा रंग तेथील सावलीत इतका मिसळतो की ती आधी दिसते ती नावाड्यालाच.

फेरीच्या वेळेतली किमान दहा मिनिटे नुसत्या डोहाकडे पाहण्यासाठी राखून ठेवावीत. गंगेतली डॉल्फिन, जिला इकडे सूंस म्हणतात, श्वास घेण्यासाठी क्षणभरच वर येते. कॅमेरा डोळ्याला लावून बसलेल्याला ती दिसत नाही. पाणपक्ष्यांत हिवाळ्यात पट्टकदंब आणि चक्रवाक सहज दिसतात. पाणचिरा मात्र मुद्दाम शोधावा: खालची चोच वरच्या चोचीपेक्षा लांब असलेला हा पक्षी पाण्याच्या पृष्ठभागावरून चोच फिरवत उडतो.

चंबळेचा हा भाग १९७८ पासून अभयारण्य आहे आणि आज ते मध्य प्रदेश, राजस्थान आणि उत्तर प्रदेश अशा तीन राज्यांत पसरलेले आहे. तरीही काठावर वाळूचे ट्रॅक्टर दिसले तर पाहुण्यांना आश्चर्य वाटते. अभयारण्यात वाळूउपशाला बंदी आहे. ती का हवी हे मार्च-एप्रिलमध्ये कळते. त्या दिवसांत घडियालाची मादी रात्री याच वाळवंटात खड्डा करून अंडी घालते, कासवेही घालतात आणि पाणचिऱ्याची जोडपी नदीतल्या वाळूच्या बेटांवर उघड्यावरच घरटी करतात. त्या अंड्यांचा रंग वाळूसारखाच असल्याने ती पायाखाली आली तरी लक्षात येत नाहीत, आणि पक्षी उन्हात त्यांच्यावरून उठला तर अंडी काही मिनिटांतच भाजून निघतात. त्यामुळे उन्हाळ्याच्या तोंडावर जाणाऱ्यांनी बेटांपासून हिवाळ्यापेक्षाही जास्त अंतर ठेवावे, आणि ‘फोटो के लिए दो मिनट उतर जाइए’ असे नावाड्याने कितीही आग्रहाने म्हटले तरी वाळूवर पाय ठेवू नये.