ओव्हरकुक्ड २ : भांडी कोण घासणार?

रविवारी रात्री आम्ही चौघं ओव्हरकुक्ड २ हा एकत्र स्वयंपाक करायचा व्हिडिओ गेम खेळायला बसतो. पहिल्या दिवशी चौघंही कांदेच चिरत होतो आणि तिकडे पातेलं पेटलं. तेव्हापासून फेरी सुरू व्हायच्या आधीच कामं वाटून घेतो: एक चिरणार, एक गॅसपाशी, एक ताटं भरून खिडकीत देणार. चौथा भांडी घासणार. हे काम कुणालाच नको असतं, पण स्वच्छ ताटं संपली की तयार पदार्थसुद्धा चुलीवर जळतो.

पातेल्यातलं शिजलं आणि ताट नसलं, तर पातेलंच उचलून ओट्यावर ठेवा, मग करपत नाही. कच्चा माल लांबून फेकता येतो, भरलेलं ताट नाही. ऑर्डरी डावीकडून क्रमानं द्या, टिप वाढत जाते. आग लागलीच तर विझवायला एकानंच धावायचं.

आणि बोला, पण नेमकं. 'दोन कांदे, डावीकडे' असं. आमची ताई नुसतं 'ते दे, ते!' ओरडते. मी टोमॅटो फेकतो. तिला हवं असतं ताट.