ईक्वनिमिटी हा शब्द कसा वापरायचा, आणि मराठीत आणताना कुठे अडतं

मी इंग्रजी-मराठी भाषांतराची छोटीमोठी कामं करते, आणि एक शब्द असा आहे जो दर दोन-तीन महिन्यांनी समोर येतो आणि प्रत्येक वेळी हात थांबतो. तो म्हणजे ईक्वनिमिटी. डिक्शनरीत "शांतपणा, समचित्तता" एवढंच मिळतं आणि वाटतं झालं काम, पण तेवढ्याच भांडवलावर वाक्य लिहायला गेलं की इंग्रजीत ते जरा तिरकं बसतं आणि मराठीत तर कधीकधी अर्थच उलटा होतो. यूपीएससीच्या एथिक्स पेपरची तयारी करणारी मुलं, विपश्यनेला जाऊन आलेली माणसं, इंग्रजी पेपरातले अग्रलेख वाचणारे, या सगळ्यांना हा शब्द कुठे ना कुठे भेटतोच, म्हणून म्हटलं एकदा नीट बसून लिहावं.

आधी उच्चार. आपल्या तोंडात इक्वॅलिटी इतका बसलाय की आपण त्याच चालीवर "इक्वॅनिमिटी" म्हणून मोकळे होतो आणि जोर "क्वॅ"वर देतो. खरा जोर "नि"वर आहे: ई-क्व-निमिटी, सुरुवातीला काही लोक "ई" म्हणतात काही "ए", दोन्ही चालतं, पण "क्व" मात्र हलका आणि झटकन. गंमत म्हणजे याचंच विशेषण इक्वॅनिमस, त्यात जोर "क्वॅ"वर जातो. स्पेलिंगमधे एकच चूक सगळे करतात, एन आणि एमची अदलाबदल. आधी एन मग एम, कारण आत "अ‍ॅनिम" हा तुकडा आहे, तोच अ‍ॅनिमल आणि अ‍ॅनिमेशनमधे असतो. हे लक्षात ठेवलं की परत चुकत नाही.

हा तुकडा अर्थासाठीसुद्धा कामाचा आहे. लॅटिनमधे एक्वुस म्हणजे सपाट, समपातळीचं, आणि अनिमुस म्हणजे मन. एक्वुसकडून इक्वल, इक्वेटर, इक्विनॉक्स हे सगळे नातेवाईक आले, आणि अनिमुसकडून मॅग्नॅनिमिटी म्हणजे मनाचा मोठेपणा, युनॅनिमस म्हणजे एकमताने झालेला ठराव, आणि अ‍ॅनिमॉसिटी म्हणजे मनातलं वैर. तर ईक्वनिमिटी म्हणजे ज्या मनाची लेव्हल बरोबर आहे ते. गवंडी भिंतीवर लेव्हल धरतो तेव्हा काचेतला बुडबुडा मधोमध उभा राहतो, डावीकडे पण नाही उजवीकडे पण नाही, अगदी ते चित्र डोळ्यासमोर ठेवा. इंग्रजीत हा शब्द साधारण १६००च्या आसपास आला तेव्हा त्याचा पहिला अर्थ होता निःपक्षपातीपणा, समोरच्या दोघांना सारखंच तोलणं, आणि दहा-पंधरा वर्षांतच "स्वभावाचा समतोल" हा आजचा अर्थ दिसायला लागला. पहिला अर्थ आता मेला, पण सतराव्या शतकातलं काही वाचत असाल तर ध्यानात असू द्या.

आता मुख्य गोष्ट, आणि माझ्या मते इथेच बहुतेक लोक चुकतात. ईक्वनिमिटी म्हणजे फक्त "वाईट प्रसंगात शांत राहणं" नाही. बुडबुडा दोन्ही बाजूंना सरकू शकतो ना, म्हणजे चांगली बातमी आली तरी हुरळून न जाणं हेही त्यातच येतं. त्यामुळे शब्द वापरायच्या आधी मी स्वतःला एक प्रश्न विचारते, की हाच माणूस लॉटरी लागली असती तरी असाच राहिला असता का? उत्तर "हो" वाटलं तर ईक्वनिमिटी, नाहीतर दुसरा शब्द शोधायचा. शेअर मार्केट पडलं तेव्हा एसआयपी बंद न करता गप्प बसलेला आपला मित्र असतो, त्याचं आपण कौतुक करतो, पण तोच मार्केट वर गेल्यावर दिवसातून तीस वेळा अ‍ॅप उघडून बघत असेल तर ती पेशन्स झाली, किंवा नर्व्ह म्हणजे धीर झाला, ईक्वनिमिटी नाही.

याच कारणाने कम्पोजर आणि ईक्वनिमिटी वेगळे ठेवा. कम्पोजर बाहेरून दिसतो, चेहऱ्यावर, आवाजात, हाताच्या हालचालीत. २ एप्रिल २०११ ला वानखेडेवर धोनीने कुलसेकराला सिक्स मारून वर्ल्ड कप जिंकला आणि बाकी टीम वेडी झालेली असताना हा माणूस जवळजवळ तसाच उभा, ते आपण सगळ्यांनी पाहिलंय, आणि त्या दृश्याला कम्पोजर म्हणणं शंभर टक्के बरोबर आहे. ईक्वनिमिटी म्हटलं की तुम्ही त्याच्या मनाच्या आतलं सांगताय, की आतसुद्धा पाणी हललं नव्हतं. तो मोठा दावा आहे. लेखात माणसाला जवळून ओळखत असाल तरच करा.

हा आतला-बाहेरचा फरक फार छान सांगितलाय विल्यम ऑस्लर या डॉक्टरने. कॅनडात जन्मलेले ऑस्लर १८८९ मधे पेनसिल्व्हेनिया विद्यापीठातून जॉन्स हॉपकिन्सला निघाले होते, तेव्हा १ मे रोजी नव्याने डॉक्टर होणाऱ्या मुलांसमोर त्यांनी जे निरोपाचं भाषण केलं त्याचं नावच एक्वानिमितास, म्हणजे आपलाच शब्द, लॅटिन रूपात. त्यात त्यांनी दोन गुण वेगळे काढले, एक शरीराचा, की पेशंटसमोर काहीही झालं तरी हात थरथरू नये आणि चेहरा बदलू नये, त्याला त्यांनी इम्पर्टर्बबिलिटी म्हटलं, आणि दुसरा त्याचाच मनातला जोडीदार, ती ईक्वनिमिटी. आणि लगेच बजावलं की हे करताना काळीज मात्र दगडाचं होऊ देऊ नका. शब्द त्यांनी रोमन सम्राट अँटोनायनस पायसच्या गोष्टीवरून उचलला होता, तो इसवी सन १६१ मधे मरणशय्येवर असताना पहारेकरी रात्रीचा परवलीचा शब्द विचारायला आला आणि सम्राटाने दिलेला शेवटचा शब्द होता एक्वानिमितास, अशी जुनी कथा आहे.

"काळीज दगडाचं होऊ देऊ नका" हे का बजावावं लागलं? कारण या शब्दाचा सगळ्यात जवळचा तोतया आहे इन्डिफरन्स, बेफिकिरी. बाहेरून दोन्ही एकसारखे दिसतात. बौद्ध परंपरेत हे फार पूर्वी ओळखलं गेलंय. मेत्ता म्हणजे मैत्री, करुणा, मुदिता म्हणजे दुसऱ्याच्या सुखात आनंद, आणि उपेक्खा असे चार ब्रह्मविहार, म्हणजे मनात जोपासायचे चार उदात्त भाव आहेत, त्यातल्या उपेक्खाचं इंग्रजी भाषांतर ईक्वनिमिटी करतात, आणि पाली ग्रंथांत उपेक्खाचा "जवळचा शत्रू" म्हणून अज्ञानातून आलेली बेफिकिरीच सांगितली आहे, म्हणजे जी दिसते तशीच पण असते भलतीच. म्हणून बॉस टीमच्या अडचणींकडे ढुंकून बघत नाही आणि तुम्ही लिहिलंत की "ही व्ह्यूड द क्रायसिस विथ ईक्वनिमिटी", तर तुम्ही त्याचं कौतुक करून बसलात.

वाक्यात बसवायचं कसं? हा शब्द मोजता येत नाही, त्यामुळे आधी "अ‍ॅन" लावायचं नाही आणि अनेकवचन करायचं नाही. ऐंशी टक्के काम "विथ ईक्वनिमिटी" या एका जोडीनेच होतं, आणि तिच्या आधी क्रियापद येतं ते स्वीकारण्याचं, सोसण्याचं किंवा बघण्याचं: अ‍ॅक्सेप्ट, बेअर, फेस, टेक, व्ह्यू, कन्टेम्प्लेट. "शी टुक बोथ द प्रमोशन अँड द ट्रान्सफर विथ ईक्वनिमिटी", बढती आणि बदली दोन्ही तिने सारख्याच शांतपणे घेतल्या, हे मला आदर्श वाक्य वाटतं कारण दोन्ही पारडी त्यात आहेत. जोर हवा असेल तर ग्रेट किंवा रिमार्कबल लावा, व्हेरी नाही. दुसरी जोडी मेन्टेन, लूज, रिगेन यांची: "इट टुक हिम अ वीक टू रिगेन हिज ईक्वनिमिटी". डू ईक्वनिमिटी, गिव्ह ईक्वनिमिटी असं कोणी म्हणत नाही. इक्वॅनिमस हे विशेषण साध्या इंग्रजीत फार कमी सापडतं, तिथे इव्हन-टेम्पर्ड म्हणा. ध्यानाच्या जगात मात्र ते सर्रास चालतं, विपश्यना शिकवणारे आचार्य एस. एन. गोएंका यांच्या प्रवचनांमधे ते सतत येतं, १९७६ मधे आपल्या इगतपुरीत सुरू झालेल्या धम्मगिरी या विपश्यना केंद्रावर ज्याने दहा दिवसांचा कोर्स केलाय त्याच्या कानात ते बसलेलंच असतं.

तिसरी रचना नकाराची, आणि ती वेगळी शिकून घ्यायला हवी कारण अग्रलेखात, संसदेत, कोर्टाच्या भाषेत तीच जास्त भेटते. "द कोर्ट कॅनॉट व्ह्यू धिस विथ ईक्वनिमिटी." इथे न्यायमूर्तींच्या मनःशांतीची चौकशी चाललेली नाही. याचा अर्थ हे आम्ही चालवून घेणार नाही, हे गप्प बसून बघण्यासारखं नाही. सभ्य इंग्रजीत दिलेला कडक इशारा आहे तो.

कुठे वापरू नये हेही सांगते. ज्याच्या घरी मृत्यू झालाय त्याला पाठवायच्या मेसेजमधे "मे यू फेस इट विथ ईक्वनिमिटी" लिहू नका, दुःखातल्या माणसाला तो उपदेश वाटतो, बोचतो. तोच शब्द वर्षांनंतर कोणी आजीबद्दल लिहिताना "तिने आजारपण ईक्वनिमिटीने सोसलं" असं म्हटलं तर फार सुंदर वाटतो. स्वतःबद्दलही जपून वापरा. इंटरव्ह्यूत "आय हॅव ईक्वनिमिटी" म्हणण्यापेक्षा प्रसंग सांगा आणि शब्द समोरच्याला सुचू द्या. एथिक्सच्या पेपरात, जो यूपीएससीने २०१३ पासून आणला, केस स्टडीत अधिकारी दबावाखाली आहे असं असेल तेव्हा हा शब्द चांगला बसतो, पण पुढच्याच वाक्यात तो अधिकारी करतो काय ते आलं पाहिजे, नाहीतर उत्तर वाचणाऱ्याला परत तोच इन्डिफरन्सचा वास येतो.

आता मराठी, जिथे मला स्वतःला सगळ्यात जास्त घाम फुटतो.

पहिला शब्द सुचतो समता. विपश्यनेत हिंदी-मराठीत हाच वापरतात आणि तिथे तो नीट कळतो, कारण संदर्भ ध्यानाचा असतो. पण महाराष्ट्रात समता म्हटलं की सामान्य वाचकाला सामाजिक समता आठवते. बाबासाहेबांनी १९२८ मधे सुरू केलेल्या पत्राचं नाव समता, समता सैनिक दल, सामाजिक समता सप्ताह, हा शब्द आपल्याकडे इतक्या मोठ्या लढ्याने कमावलेला आहे. त्यामुळे "त्यांनी अपयश समतेने स्वीकारलं" वाचून माणूस दोन सेकंद अडखळतो. ध्यानाच्या पुस्तकाबाहेर मी तो वापरत नाही.

उपेक्षा तर त्याहून अवघड. पालीतल्या उपेक्खाचं संस्कृत रूप उपेक्षाच आहे, पतंजलींच्या योगसूत्रांतही मैत्री, करुणा, मुदिता यांच्या रांगेत चौथा शब्द उपेक्षा, आणि तिथे तो मोलाचा गुण आहे. पण मराठीत? उपेक्षा म्हणजे दुर्लक्ष, हेळसांड, उपेक्षित म्हणजे ज्याच्याकडे कोणी बघितलं नाही तो. बौद्ध साहित्याचं इंग्रजीतून मराठीत भाषांतर करताना मूळ शब्दाशी निष्ठा म्हणून "सर्व प्राण्यांविषयी उपेक्षा बाळगावी" असं लिहिलं तर उपदेश पार उलटा होतो. तिथे उपेक्खा हा पाली शब्द तसाच ठेवावा आणि पहिल्याच वेळी एका ओळीत समजावून सांगावा, असं माझं ठाम मत आहे.

स्थितप्रज्ञ चांगला शब्द आहे, गीतेच्या दुसऱ्या अध्यायातून थेट बोलण्यात आलाय, आपण सहज म्हणतो "तो काय बाबा, एकदम स्थितप्रज्ञ". पण तो माणसाला लागतो आणि कायमचा लागतो. एका प्रसंगातल्या ईक्वनिमिटीला तो जड होतो. त्याच अध्यायात "समत्वं योग उच्यते" आहे, अर्थाने ईक्वनिमिटीच्या सगळ्यात जवळचा शब्द समत्वच, यश आणि अपयश दोन्हींत सारखं राहणं, म्हणजे दोन्ही पारडी आली. वैचारिक लेखात बिनधास्त वापरा, गोष्टीत वापरलात तर पात्र एकदम कीर्तनाला उभं राहिल्यासारखं वाटेल. आणि समाधान वेगळं हं, "चित्ती असो द्यावे समाधान" मधलं समाधान म्हणजे आहे त्यात तृप्त असणं. ईक्वनिमिटी असलेला माणूस तृप्त असेलच असं नाही, त्याला परिस्थिती बदलायचीही असेल, फक्त तो ढळत नाही.

मग मी करते काय, तर बहुतेक वेळा नामाचं नाम करायचा हट्टच सोडते. मराठी हे क्रियापदांनी सांगते: मन ढळू दिलं नाही, डगमगला नाही, हुरळली नाही की खचली नाही, शांतपणे पचवलं, जे आलं ते आलं तसं घेतलं. वरचं बढती-बदलीचं वाक्य मी "बढतीने ती हुरळली नाही आणि बदलीने खचली नाही" असंच करेन, त्यात शब्द कुठेच नाही पण अर्थ पूर्ण उतरलाय.

सरावाला एक वाक्य देते, आधी स्वतः करून बघा मग पुढे वाचा. "द व्हिलेज कुड नॉट व्ह्यू द क्लोजर ऑफ इट्स स्कूल विथ ईक्वनिमिटी." "गाव शाळा बंद होणं समचित्ततेने पाहू शकलं नाही" असं आलं असेल तर परत नकाराच्या रचनेकडे जा. मी लिहीन: शाळा बंद होतेय हे गावाला मुकाट्याने बघवेना.