धुऱ्यावरच्या गवतातला पतंग आणि धानातली गुंडाळलेली पाने

तान्ह्या पोळ्याला "ईडा पीडा घेऊन जा गे मारबत" म्हणत आपण रोगराईला, किडीला गावाबाहेर काढतो. नेमक्या त्याच दिवसांत नागपूर जिल्ह्यात रामटेक, मौदा, पारशिवनी, कुही, भिवापूरकडे धान फुटव्यावर असतो. अशा वेळी सकाळी धुऱ्यावरून (शेताच्या बांधावरून) चाललात की गवतातून बारीक पिवळसर पतंग उठतात आणि दोन-चार हात उडून पुन्हा पानाआड बसतात. पाने गुंडाळणाऱ्या अळीचा हा पतंग असू शकतो. बांधीत, म्हणजे धानाच्या शेतात, पांढरी पाने दिसायच्या आधी तो धुऱ्यावर दिसतो, म्हणून पाहणीची सुरुवात तिथून करा.

बसलेला असताना पंख पसरून तो त्रिकोणी दिसतो. रंग पिवळसर तपकिरी, पंखांच्या कडेला गडद पट्टा. पुढच्या पंखावर दोन नागमोडी काळसर रेघा आरपार जातात आणि त्यांच्या मधोमध एक तिसरी, अर्धवट रेघ असते. ही अर्धी रेघ नीट बघा, कारण गवतात आणखीही बरेच पतंग असतात. खोडकिड्याची मादी गवती पिवळी, तिच्या प्रत्येक पुढच्या पंखावर एकच काळा ठिपका. सुरळीतल्या अळीचा पतंग पांढरा असतो. खोडकिड्याचा पतंग पाने गुंडाळणारीचा समजून उपाय केला, तर पैसाही जातो आणि वेळही.

मादी पानावर शिरेच्या कडेने एकेक किंवा ओळीने चपटी, पिवळसर अंडी घालते. ४ ते ६ दिवसांत अळी बाहेर येते. सुरुवातीला ती कोवळ्या पोंग्यातच (न उलगडलेल्या पानात) खरवडते, पान गुंडाळत नाही, त्यामुळे नजरेत येत नाही. थोडी मोठी झाली की पानाच्या दोन्ही कडा रेशमी धाग्याने शिवते आणि आत बसून हिरवा भाग खाते. पानावर पांढरे लांब पट्टे दिसतात ते यामुळे. अळी हिरवट पिवळी, डोके तपकिरी, हात लावला की वळवळत मागे सरकते. साधारण १५ ते २५ दिवसांनी गुंडाळीतच कोष होतो आणि ६ ते ८ दिवसांत नवा पतंग. म्हणजे महिना-सव्वा महिन्यात एक पिढी पूर्ण.

हे दिवस ध्यानात ठेवायचे ते फवारणीसाठी. पतंग दिसले त्याच दिवशी पंप पाठीवर घेण्यात अर्थ नाही. आठ-दहा दिवसांनी लहान अळ्या असतात, तेव्हा बांधीत उतरून चुडातली (एका जागी रोवलेल्या रोपांच्या झुपक्यातली) खाल्लेली पाने मोजा. गुंडाळी उघडून बघा: आत जिवंत अळी आहे की नुसती विष्ठा? अळीच्या अंगाशी कापसासारखे पांढरे बारीक कोष दिसले, तर मित्रकीटकाने तिला आधीच संपवले आहे.

रोवणीनंतरच्या पहिल्या महिना-सव्वा महिन्यात चार पाने पांढरी झाली तरी धान नवी पाने काढून भरून काढतो. त्या काळात घाईने फवारलेले औषध किडी खाणारे कोळी आणि चतुर मारते आणि पुढे कीड अधिक वाढते. सिंथेटिक पायरेथ्रॉइड (सायपरमेथ्रिनसारखी) औषधे तर टाळाच, त्यांनी तुडतुडेही भडकतात. फुटव्याच्या काळात चुडाला सरासरी दोन ताजी खाल्लेली पाने असतील, तर उपाय करा. पोटरीला आल्यावर (लोंबी बाहेर पडण्याआधी) मात्र एका पानावरही दुर्लक्ष नको, कारण दाणा भरायला शेवटचे झेंड्याचे पान हवे असते.

आधी साधे उपाय. बांधीत पाणी असताना दोघांनी दोन्ही टोकांना धरून दोर पिकावरून ओढावा, अळ्या पाण्यात पडतात. झाडाच्या सावलीतल्या आणि युरिया जास्त झालेल्या गर्द हिरव्या बांध्या आधी तपासा, कीड तिथेच जमते. युरिया एकदम न टाकता हप्त्यांनी द्या. फवारावेच लागले, तर क्लोरँट्रानिलीप्रोल १८.५ एससी १० लिटर पाण्याला ३ मिली घ्या. लेबलावरचा काढणीपूर्व काळ (फवारणी आणि काढणी यांत ठेवायचे दिवस) वाचा. हातमोजे, मास्क, पूर्ण कपडे घाला आणि वाऱ्याच्या उलट दिशेने फवारू नका. २०१७ मध्ये यवतमाळ जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेने शेतकरी आणि शेतमजूर दगावले, हे आपल्याच विदर्भात घडले आहे.

काढणीनंतर सावा आणि इतर गवतांनी भरलेला धुरा तसाच सोडू नका. धान नसताना ही अळी त्याच गवतावर जगते आणि पुढची रोवणी झाली की तिथूनच बांधीत उतरते.